सांग तिले

माझी धाकटी जाऊ कोळशाच्या मालगाडीखाली उकिडवी बसली होती, दोन रुळांच्या मधोमध, वांग्यांची टोपली हातात धरून. त्या मालगाडीला सिग्नल मिळाला होता. डब्याखालून तिला तो दिसत नव्हता. मला दिसत होता. एक शब्द ओरडले असते तरी पुरलं असतं. पण सहा वर्षं आमचा अबोला होता, म्हणून मी तिला सांगितलं नाही. मी तिसरीला सांगितलं.

आमचं गाव नवेगावबांधाच्या बाजूला आहे. गाव लहान, पण स्टेशन आहे. मी लग्न होऊन आले तेव्हा इथे छोटी लाईन होती. कोळशाची कणी डोळ्यात गेली आणि मी एक डोळा लाल घेऊन सासरी उतरले. सासूला वाटलं सून रडत आली. मी रडले नव्हते. नंतर मोठी लाईन झाली, विजेच्या तारा आल्या, आणि आता सकाळची लोकल येते ती बिनइंजिनाची दिसते. बसायला बरी आहे, फक्त पायऱ्या उंच आहेत.

गोंदियाला गाड्या चारही बाजूंनी येतात. नागपूरकडून, डोंगरगडकडून, बालाघाटकडून आणि आमच्या जंगलाकडून. सकाळी सकाळी खेड्यांतली माणसं तिथे ओतली जातात. कॉलेजच्या पोरी, राईस मिलचे हमाल, कोर्टकचेरीची कामं असलेले लोक, विड्या पोचवणाऱ्या बाया, दवाखान्यात जाणारे म्हातारे. मास्तर लोक उलटे जातात. ते राहतात गोंदियात आणि शिकवतात खेड्यात. आमची गाडी आणि त्यांची गाडी एका स्टेशनावर समोरासमोर थांबते, तेव्हा माझ्या नातवाचे गुरुजी मला खिडकीतून दिसतात. ते हात करतात. मी विचारते, "गुरुजी, आज तरी वेळेवर पोचता का नाई?" ते म्हणतात, "आजी, हे मालगाडीले विचारा."

ते खरंच आहे. आमच्या लाईनीवर मालगाडी ही मोठी सून आहे. ती जाईल तेव्हा बाकीच्यांनी बाजूला उभं राहायचं. लोकल गोंदियाच्या अलीकडे सिग्नलपाशी उभी राहिली की कधी पाच मिनिटं, कधी तासभर. तोवर भाजीबाजारातले ठोक घेणारे निघून जातात. मग दिवसभर फुटकळ विकत बसा.

आम्ही भाजीवाल्या. घरची धानाची बांधी, म्हणजे भाताचं खाचर आहे, पण धान वर्षातून एकदा. घरामागच्या वाडीत वांगी, पोपटीच्या शेंगा, सांबार म्हणजे कोथिंबीर, हिवाळ्यात लाखोरीची भाजी निघते. ती मी आणि माझी जाऊ गोंदियाला नेतो. आमचे नवरे सख्खे भाऊ. वाटणी झाली, मधे भिंत पडली, वाडीत कुंपण आलं. तरी ते दोघे भाऊ रोज सकाळी एकाच ओट्यावर तंबाखू मळत बसतात. भांडण बायकांचं होतं, आणि ते खरंखुरं होतं.

भांडण रोवण्याचं होतं. आमच्याकडे धानाचा रोवणा, म्हणजे लावणी, बायांच्या टोळीनं होतो. टोळीला आधी सांगून दिवस ठरवावा लागतो. त्या वर्षी मी माझा दिवस ठरवला. बांधीत पाणी भरलं, चिखल केला, पऱ्हे म्हणजे धानाची रोपं उपटून जुड्या बांधून ठेवल्या. सकाळी बायांची वाट पाहते तर टोळी माझ्या जावेच्या बांधीत वाकलेली. मी पारीवर, बांधावर उभी राहिले. ती माझ्याकडे बघून खाली बघायला लागली. एवढंच झालं. एक शब्द कोणी बोललं नाही. माझे पऱ्हे दोन दिवस उन्हात पडले, पिवळे झाले. त्या दिवसापासून मी तिच्याशी बोलणं सोडलं. तीही काही बोलायला आली नाही.

पण गाडी एकच, डबा एकच, बाजार एकच. समोरासमोर बसावंच लागतं. तेव्हा मधे एक तिसरी लागते. आमची तिसरी म्हणजे गावातली एक चाळिशीची बाई. तीही भाजी विकते. मला मोठीमाय म्हणते, जावेला काकी म्हणते. माझी जाऊ समोर हातभर अंतरावर बसलेली असायची आणि मी तिसरीला म्हणायची, "सांग तिले, तिच्या टोपलीतून पानी गळून राहिलं, माह्या पायावर पडते."

तिसरी म्हणायची, "काकी, पानी गळते म्हनते."

जाऊ म्हणायची, "सांग तिले, पाय तिकडं घे म्हना. गाडी काही तिच्या बापाची नाई."

तिसरी माझ्याकडे वळायची. "मोठीमाय, पाय घ्या. बापाचं मी सांगत नाई, तुम्ही ऐकलंच."

डब्यातल्या पोरी हसायच्या. तिसरी चिडून म्हणायची, "मी का तुमची पोस्टमन हाव? रोज रोज टपाल वाटू?" तरी वाटायची.

याचा एक नियम होता. अबोला धरलेल्या सगळ्या बाया तो पाळतात. समोरची जे बोलते ते ऐकू आलं तरी ऐकलं असं दाखवायचं नाही. तिसरीनं आपल्याकडे तोंड करून सांगितलं की मगच ते आपल्याला सांगितलं असं धरायचं. त्याच्या आधी उत्तर दिलं तर आपण वाकलो. सहा वर्षांत आमच्यातली कोणी वाकली नाही.

आता उतरायचं सांगते. गाडी सिग्नलपाशी थांबली की आम्ही तिथेच उतरायचो. स्टेशनात गेलं तर पुलाचा जिना चढा, पलीकडे उतरा, मग वळसा घालून बाजारात जा, आणि डोक्यावर भरलेली टोपली. सिग्नलपाशी उतरलं तर शेजारची लाईन ओलांडली की भिंतीला एक भगदाड आहे, त्यातून बाहेर पडलं की बाजार जवळ. शेजारच्या लाईनीवर बहुतेक वेळा मालगाडी उभी असायची. ती उभी असेल तर तिच्या खालून जायचं. सगळ्याच बाया जायच्या. आम्हाला त्यात काही वाटत नव्हतं.

टोपल्या काढायची आमची पद्धत ठरलेली होती. तिसरी आधी खालून पलीकडे जायची, कारण तिचं अंग हलकं. माझे गुडघे दुखतात म्हणून मी अलीकडे थांबायची आणि टोपली रुळावरून आत द्यायची. मधली जागा जावेची. ती किडकिडीत आहे, डब्याखाली उकिडवी बसली तरी डोकं लागत नाही. माझ्या हातातून टोपली घ्यायची, सिमेंटच्या आडव्या पट्ट्यांवरून सरकवायची आणि पलीकडच्या हातात द्यायची. सगळ्या टोपल्या गेल्या की ती निघायची आणि मग मी रांगत जायची. सहा वर्षं मी रोज तिच्या हातात टोपली दिली आणि तिनं घेतली. बोलणं नव्हतं तरी हात चालत होते. एकदाही टोपली सांडली नाही.

त्या दिवशी हिवाळा होता, ऊन चढत होतं. लोकल थांबली, आम्ही उतरलो. मालगाडी लांबच लांब उभी होती, इंजिन वळणापलीकडे, दिसतही नव्हतं. तिसरी पलीकडे गेली. माझी टोपली गेली, तिसरीची गेली. जावेची टोपली उरली होती. ती मी आत दिली. तिनं धरली. टोपली जड होती, वांगी गच्च भरली होती, आणि तिचा बुडाचा काठ पट्टीच्या कडीत अडकला. ती हिसका देत होती.

मी सहज मान वर केली. वळणावर डब्यांच्या वर उंच दिसणारा मालगाडीचा सिग्नल लाल होता तो पिवळा झाला, म्हणजे ती सुटणार.

मी ओरडले, "अवं, सांग तिले! सिग्नल झाला! निघ म्हना!"

पलीकडून काही आलं नाही. डबा मधे असल्यामुळे मला पलीकडचं दिसत नव्हतं. तिसरी तिथे नव्हतीच. ती दोन टोपल्या भगदाडापाशी ठेवायला गेली होती. मी रिकाम्या जागेला सांगत होते. आणि माझी जाऊ, माझ्यापासून दीड हातावर, माझा शब्द न् शब्द ऐकून टोपलीला हिसके देत राहिली. तिसरीनं सांगायची वाट बघत राहिली.

मी परत ओरडले, "सांग ना वं तिले! कुठी मेली?"

मग डब्याखालून हवा सुटल्याचा आवाज झाला. ब्रेक सुटले की तो होतो. जावेनं तेव्हा मान वळवली आणि माझ्याकडे पाहिलं. रोवण्यानंतर पहिल्यांदा सरळ पाहिलं. त्याच वेळी लांब, इंजिनाकडून, झटका सुरू झाला. मालगाडी एकदम हलत नाही. पहिला डबा ओढला जातो, मग दुसरा, मग तिसरा. खाड, खाड, खाड करत तो आवाज डब्याडब्यानं आमच्याकडे धावत आला. तिला बाहेर ओढायला वेळ नव्हता. ओढलं असतं तर अर्धी बाहेर, अर्धी आत असती आणि चाक मधून गेलं असतं.

"ए सटवे!" मी ओरडले. "झोप! पालथी झोप! पाय आत घे!"

ती झोपली. विचार न करता आडवी झाली, तोंड खडीत, हात डोक्यावर. टोपली तिनं सोडली. डबा हलला.

मी दोन गाड्यांच्या मधे खडीवर बसून वाकले. चाक गेलं, तिची पाठ दिसली, चाक गेलं, परत पाठ दिसली. डब्याखाली पाईप असतात, साखळ्या असतात, काय काय लोंबत असतं. तिनं डोकं वर केलं असतं तर संपलं होतं. माणूस घाबरला की डोकं वर करतो. मग मी ठरवलं की हिला बोलण्यात गुंतवून ठेवायचं. आणि माझ्याकडे बोलायला सहा वर्षांचं होतं.

"डोकं वर काढशील तर मीच मारीन तुले! माह्या रोवण्याच्या बाया नेल्या तू! माहे पऱ्हे वाळवले! झोपून राय! भिंतीले खिळा ठोकला तर माह्या घरातला पोपडा पडला, तो कोन लिपला? मी लिपला! हालू नको! माह्या पोराच्या लग्नात आली अन् जेवली नाई, उपाशी गेली, लोकाईले काय वाटलं असंन? हात खाली! पोट आत घे! तुह्या कोंबड्या माही सांबार खाते, मी कधी दगड मारला का? सांग! नको सांगू, तोंड खाली ठेव!"

लोकलच्या खिडक्यांतून लोक ओरडत होते. कोणी मोबाईल धरला होता. पलीकडे तिसरी परत आली होती आणि तिनं गळा काढला, "गेली वं काकी! काकी गेली!"

"चूप बस!" मी डब्याखालून ओरडले. "जिती हाय! रडून तिले भेव घालू नको!"

मग एक वाईट झालं. जावेचा पदर उडाला आणि कशाला तरी अडकला. मला दिसलं, पदर ताणला गेला आणि तिचा खांदा उचलल्यासारखा झाला. मी म्हटलं आता ही गेली. एक टरकन् आवाज झाला असेल, मला ऐकू आला नाही, पण पदर खांद्यापासून फाटला आणि मालगाडीबरोबर निघून गेला. लुगडं जुनं होतं, धुऊन धुऊन विरलेलं. नवं असतं तर तिला घेऊन गेलं असतं. दिवाळीला तिच्या पोरीनं नवं आणून दिलं होतं. ते तिनं पेटीत ठेवलं होतं आणि बाजाराला जुनंच नेसायची. मी त्यावरून तिला मनातल्या मनात कंजूष म्हणायची.

डबे संपता संपत नव्हते. माझं बोलणं संपत आलं. शेवटी शेवटी मी नुसतं "झोप, झोप, झोप" म्हणत होते. मग शेवटचा डबा गेला आणि एकदम ऊन पडलं. समोर लाईन मोकळी, पलीकडे तिसरी तोंडावर हात धरून उभी, आणि मधे माझी जाऊ पालथी पडलेली. पाठीवर कोळशाची भुकटी. वांग्यांचा चेंदा झाला होता. रुळावर जांभळं पसरलं होतं आणि मला आधी वाटलं ते दुसरं काही आहे.

ती हालली नाही. मी गुडघ्यांवर गेले आणि तिचा पाय धरला. पाय गरम होता.

रेल्वेचा एक माणूस हातात झेंडी घेऊन धावत आला. "अम्मा! ज़िंदा है क्या?"

तेव्हा ती उठून बसली. तोंडाला खडी लागली होती, टाच सोलली होती, कोपर फुटलं होतं. तिनं आजूबाजूला पाहिलं, आणि पलीकडच्या तिसरीकडे तोंड करून म्हणाली, "सांग तिले, माही टोपली कुठी हाय?"

तिसरीनं डोक्यावर हात मारून घेतला. "मी नाई सांगत! आता तुम्हीच बोला! मराच्या टायमाले तरी बोला!"

मी म्हटलं, "टोपली गेली. वांगी गेली. पदर गेला."

जाऊ मला म्हणाली, "तू मले सटवी म्हनली."

"म्हनली."

"सहा वर्षांनं बोलली अन् सटवी म्हनली."

"मंग काय म्हनू? लक्षुमी म्हनत बसली असती तर कापली गेली असतीस."

झेंडीवाला हिंदीत आम्हा तिघींना खूप बोलला. मरना है क्या, घर में कोई नहीं है क्या, तुम्हारे कारण हमारी नौकरी जाएगी. तो बोलला ते बरोबर होतं. मी मान हलवली. त्यानं आम्हाला लाईनीच्या कडेनं स्टेशनपर्यंत नेलं. तिथे पोलिसानं परत तेच सांगितलं, लिहून घेतलं, अंगठ्याला शाई पुढे केली. मी म्हटलं, मला सही येते, चौथी शिकले आहे. दवाखान्यातून कोणी येऊन जावेच्या टाचेला पट्टी बांधली. तिसरीनं चहा आणला. जावेनं तो पुरा प्यायला. अंगावर तिसरीची शाल होती.

तिथे बाकावर बसून मी तिला विचारलं. "मी दोनदा ओरडली. सिग्नल झाला म्हटलं. तुले ऐकू आलं का नाई?"

"आलं."

"मंग काऊन नाई निघाली?"

ती म्हणाली, "तू मले थोडीच सांगत होती?"

गावात लोक म्हणतात, म्हातारीनं बोलून बोलून जावेला वाचवलं. पोरांनी तो व्हिडिओ एकमेकांना पाठवला, त्यात मी आरडाओरडा करताना दिसते. सरपंचीणबाईंनी कौतुक केलं. मी सगळ्यांना सांगते, चूक आहे. सिग्नल पिवळा झाला तेव्हा टोपली सोडून ती दोन वेळा बाहेर निघाली असती इतका वेळ होता. तो वेळ मी घालवला. सरळ तिचं तोंड बघून "निघ" म्हणाले असते तर व्हिडिओ काढायला काही उरलंच नसतं. आणि डब्याखालून जाणं हीच मुळात अडाणी गोष्ट होती. तीस वर्षं केली म्हणून ती शहाणपणाची होत नाही.

बाकावरच मी रोवण्याचंही विचारलं. म्हटलं, आता बोलतेच आहोत तर होऊन जाऊ दे.

"त्या बाया तू काऊन नेल्या?"

"मी नाई नेल्या," जाऊ म्हणाली. "आपल्या पायानं आल्या. तुह्या घरच्या चहात दूध नसते म्हनत होत्या."

तिसरी फसकन् हसली. मग माझ्याकडे बघून तिनं तोंड दाबलं. मी म्हटलं, "हास. हास तू." चहात दूध नसतं हे खरं होतं. त्या साली आमची गाय आटली होती. पण हे ती मला सहा वर्षं आधी पारीवरच सांगू शकत होती, आणि मी विचारू शकत होते.

आता आम्ही प्लॅटफॉर्मवरच उतरतो. लोकल सिग्नलपाशी थांबली की बाकीच्या बाया टोपल्या उचलतात. मी दारात आडवी बसते. "जा, जाचं असंन तर माह्या अंगावरून जा," म्हणते. काही शिव्या देतात, काही बसतात. पुलाचा जिना चढताना माझे गुडघे बोंबलतात. मग आम्ही दोघी मिळून ऑटो करतो. बाजारात उशीर होतो. होऊ दे. गुरुजींचीही शाळेला उशिराच हजेरी लागते, तरी पोरं शिकतातच.

जाऊ माझ्याशी रोज बोलते आणि रोज भांडते. कोंबड्यांवरून, खिडकीच्या जागेवरून, कोणाच्या शेंगा कवळ्या यावरून. तिसरी आता पुढच्या डब्यात बसते. म्हणते, तुमचा अबोलाच बरा होता, निदान माझ्या कानाला आराम होता. पेटीतलं नवं लुगडं जावेनं अजून नेसलेलं नाही. बाजाराला विरलेलंच नेसून येते. मी त्यावरून आता काही म्हणत नाही.

मालगाडीखाली त्या दिवशी लुगडं विरलेलंच होतं. ती जगली.